आधी कॅमेरा की आधी मुंबई? परभणीच्या तरुण सिनेमॅटोग्राफरला उत्तर

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. वय पंचवीस, मुक्काम परभणी. लग्नांच्या शूटिंगवर घर चालतं, मित्राच्या दोन शॉर्टफिल्म शूट केल्या आहेत. आता स्वतंत्र चित्रपटांचा सिनेमॅटोग्राफर व्हायचंय. बँक पाच लाखांचं कर्ज द्यायला तयार आहे. कॅमेरा घ्यावा, मुंबई गाठावी की पुण्याच्या एफटीआयआय या चित्रपट प्रशिक्षण संस्थेची परीक्षा द्यावी, असा पेच आहे. शिवाय वडील विचारतात की या कामात पोट भरतं का, आणि किती वर्षं वाट बघायची.

मी मराठवाड्यातच वाढलो आणि छत्रपती संभाजीनगरात राहून काम करतो. माहितीपट आणि कमी बजेटचे मराठी चित्रपट हे मुख्य काम, जोडीला कंपन्यांच्या फिल्म. म्हणून पुढचं सगळं स्वतंत्र चित्रपटापुरतं समजा. मोठ्या बॅनरचे चित्रपट, वेब मालिका आणि जाहिराती यांचं मुंबईतलं गणित वेगळं आहे.

तुम्ही तीन पर्याय मांडलेत, पण तिन्हींच्या मुळाशी एकच अडचण आहे: स्वतंत्र चित्रपट ठरल्या वेळी सुरू होत नाही. निर्मात्याकडे पैसे तुकड्यातुकड्यांनी येतात. दिग्दर्शक म्हणतो डिसेंबरात करू, आणि तो डिसेंबर पुढच्या वर्षी उगवतो. मग एक दिवस फोन येतो की वीस तारखेपासून शूट आहे. त्या दिवशी जो मोकळा असतो आणि महिनाभर कमी पैशात राहू शकतो, त्याला तो चित्रपट मिळतो. हाताला कला असूनही ज्याला महिन्याचा खर्च सोडत नाही, तो नाही म्हणतो. म्हणून प्रत्येक निर्णय मी एकाच मापानं मोजतो: यानं माझी थांबण्याची ताकद वाढते की कमी होते?

आता पाच लाख या मापानं मोजू. बारा टक्क्यांनी तीन वर्षांसाठी घेतले तर हप्ता महिन्याला साधारण १६,६०० रुपये बसतो. तीन वर्षं, प्रत्येक महिन्याला, पावसाळ्यात लग्नं नसतानाही. हा हप्ता भरण्यासाठी मिळेल ते काम घ्यावं लागेल, आणि ज्या चित्रपटासाठी कॅमेरा घेतला त्याच चित्रपटाला तारखा देता येणार नाहीत. शिवाय फीचर फिल्मचा कॅमेरा बहुतेक वेळा पुण्या-मुंबईहून भाड्यानं येतो, आणि कोणता आणायचा हे गोष्टीवरून ठरतं. रात्रीचे प्रसंग जास्त असतील तर एक, उन्हातला पाठलाग असेल तर दुसरा. स्वतःचा कॅमेरा असला की निर्माता तुम्हाला कॅमेऱ्यासकट मागतो आणि दोन्हींचे पैसे एकाच आकड्यात बसवतो. पुढे कधी कॅमेरा घेतलात तर त्याचं भाडं बिलात नेहमी वेगळं लावा. ती सवय पहिल्या कामापासून हवी.

परिस्थितीनुसार हे बदलतं, हेही सांगतो. लग्नाच्या कामातूनच कॅमेऱ्याचे पैसे दीड-दोन हंगामांत निघणार असतील आणि जुना कॅमेरा खरोखर थकला असेल, तर वापरलेली चांगली बॉडी, म्हणजे लेन्सशिवायचा कॅमेरा, रोखीनं घ्या. ते लग्नाच्या धंद्यातलं भांडवल झालं, चित्रपटाच्या खात्यात ते धरू नका. चित्रपटासाठी खर्चच करायचा तर चांगला ट्रायपॉड, एनडी फिल्टर (लेन्समध्ये शिरणारा उजेड कमी करणारी काच), दोन एलईडी, काळं कापड आणि थर्माकोलच्या शीट घ्या. कॅमेरा कोणताही आला तरी हे सगळं कामाला येतं.

आसामच्या रीमा दास यांनी ‘व्हिलेज रॉकस्टार्स’ स्वतः लिहिला, दिग्दर्शित केला, शूट केला आणि संकलितही केला, तोही आपल्याच छायगावात. २०१८ साली त्याला सर्वोत्कृष्ट चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. लोक त्यातून ‘साध्या कॅमेऱ्यावरही होतं’ एवढंच घेतात. मला त्यातला वेळ महत्त्वाचा वाटतो. त्या आपल्या गावात होत्या, कलाकार गावातलीच मुलं होती, म्हणून हव्या त्या ऋतूची आणि हव्या त्या उजेडाची वाट बघता आली. ती सोय भाड्याच्या युनिटला नसते.

एफटीआयआयबद्दल. ही संस्था १९६० साली पुण्यात प्रभात कंपनीच्या जागेवर सुरू झाली. तिथला छायाचित्रणाचा अभ्यासक्रम तीन वर्षांचा आहे आणि त्याला पदवी लागते. कोलकात्याच्या सत्यजित राय चित्रपट संस्थेतही असाच अभ्यासक्रम आहे. प्रवेश मिळाला तर जरूर जा, मागेपुढे बघू नका. तिथे तंत्र तर शिकवतातच, पण त्याहून मोठी गोष्ट अशी की तुमच्याच वयाचे होऊ घातलेले दिग्दर्शक, संकलक आणि ध्वनिमुद्रक तीन वर्षं तुमच्या शेजारी राहतात. मात्र जागा मोजक्या असतात. फक्त त्या परीक्षेच्या तयारीत चार वर्षं घालवू नका. काम करत करत दोनदा द्या, नाही झालं तर विषय सोडा. पुण्यातला फिल्म रसास्वादाचा छोटा अभ्यासक्रम मात्र नक्की करा. परभणीत बसून ज्या चित्रपटांची नावंही कानावर येत नाहीत, ते मोठ्या पडद्यावर बघायला मिळतात.

मुंबईला जा, पण असिस्टंट म्हणून, आणि डोक्यावर कर्ज न घेता. एकाच सिनेमॅटोग्राफरकडे दीड-दोन वर्षं टिकून राहिलात तर सेटची शिस्त अंगात मुरते. लेन्स कुठली आणि का, लाइटमनशी कसं बोलायचं, दिग्दर्शक घाबरलेला असताना शॉटची संख्या कशी कमी करायची, हे वर्गात शिकवता येत नाही. भाड्याच्या कॅमेऱ्याबरोबर येणाऱ्या अटेंडंटशी मैत्री करा. यंत्राबद्दल त्याला जितकं ठाऊक असतं तितकं फार थोड्यांना असतं. फोकस ओढायला, म्हणजे शॉट चालू असताना लेन्सचा फोकस सांभाळायला, मिळाला तर नाही म्हणू नका. मुंबईतल्या सिनेमॅटोग्राफरांची संघटना वायका आहे. तिथे नियमित काम करायचं ठरलं की तिच्या सभासदत्वाची चौकशी करा. परभणीचं घर मात्र सोडू नका. देवगिरी एक्स्प्रेस परभणीवरूनच जाते, रात्रीच्या प्रवासात मुंबई गाठता येते.

आता जे मुंबईत कोणी शिकवणार नाही त्याबद्दल. माझ्या मते तुमचं खरं भांडवल तिथे आहे.

भारतीय प्रमाणवेळ ८२.५ अंश रेखांशावरची, आणि परभणी जवळपास ७७ अंशांवर. म्हणून आपल्याकडे सूर्य माथ्यावर येतो तो घड्याळातल्या बारापेक्षा साधारण वीस मिनिटं उशिरा, वर्षाच्या काळानुसार थोडा पुढेमागे. मेच्या मध्याला तो बरोबर डोक्यावर असतो. त्या उन्हात माणूस उभा केला की डोळ्यांच्या खोबणी काळ्या पडतात आणि नाकाची सावली ओठांवर उतरते. मे महिन्यात चेहऱ्याचे शॉट सकाळी साडेआठच्या आत किंवा साडेचारनंतरच घ्यावेत. मधल्या वेळेत घरातले प्रसंग, झाडाखालचे प्रसंग किंवा जेवण. डिसेंबरच्या अखेरीस हाच सूर्य भर दुपारीही क्षितिजापासून साधारण ४७ अंशांच्या वर चढत नाही. म्हणजे सकाळी आठपासून संध्याकाळी पाचपर्यंत ऊन तिरपं मिळतं, पाठीमागून घेतलं तर दिवसभर शूट करता येतं. दिवस जेमतेम अकरा तासांचा, पण त्यातला बहुतेक वेळ वापरता येतो. कमी बजेटच्या चित्रपटाला दिवाळीनंतरचा काळ का सोयीचा, ते यावरून कळेल.

पण उजेडाबरोबर रानही बघावं लागतं. डिसेंबर-जानेवारीत रब्बीची ज्वारी उभी असते, तूर काढणीला येते, वेचणी उरकत आलेल्या पऱ्हाटीत पांढरी बोंडं शिल्लक असतात. फेब्रुवारी-मार्चमध्ये ज्वारीची काढणी झाली की तेच शेत आठवड्यात उघडं पडतं. दहा दिवसांच्या अंतरानं एकाच प्रसंगाचे दोन भाग शूट केले तर पार्श्वभूमी बदललेली असते, आणि ते कुठल्याही डीआयमध्ये, म्हणजे शूटनंतर संगणकावर होणाऱ्या रंगदुरुस्तीत, सुधारत नाही. म्हणून रेकीला, म्हणजे शूटआधी जागा बघायला, गेलो की शेतमालकाला पहिला प्रश्न विचारतो: हे कधी काढणार? काही वेळा निर्मात्याकडून त्याला थोडी भरपाई देऊन एक पट्टा उभा ठेवायला सांगतो. आणखी एक गोष्ट. दसरा-दिवाळीनंतर बीडकडची आणि तुमच्या गंगाखेडकडची कितीतरी कुटुंबं ऊसतोडीला जातात, ती मार्चनंतरच परततात. गोष्टीला भरलेलं गाव हवं असेल तर उत्तम उजेडाच्या महिन्यांत गाव अर्धं रिकामं असतं. हे दिग्दर्शकाला संहिता वाचतानाच सांगणारा सिनेमॅटोग्राफर त्याला दुसऱ्या दिवसापासून हवासा वाटतो.

काळ्या मातीचा एक त्रास लक्षात ठेवा. मुरमाच्या रस्त्यावर ऊन जमिनीवरून परतून हनुवटीखाली थोडा उजेड देतं. काळ्या रानात जमीन सगळं गिळते, चेहऱ्याचा खालचा भाग बुडतो. चौकटीच्या बाहेर, पात्राच्या पायाशी पांढरी चादर अंथरा, अर्धं काम तिथेच होतं.

जुन्या माळवदाच्या, म्हणजे मातीच्या सपाट छताच्या, घरात उलटी अडचण. आत अंधार, दाराबाहेर रखरखीत ऊन. अशा वेळी आत दिव्यांची रांग लावली की ते घर घर वाटत नाही. मी दाराबाहेर उन्हात पांढरं कापड ताणतो आणि तो उजेड आत वळवतो, पात्राला दाराजवळ बसवतो आणि मागची खोली काळोखातच राहू देतो. ही युक्ती नवी नाही. सत्यजित राय यांच्या १९५६च्या ‘अपराजितो’साठी बनारसच्या घराचं अंगण स्टुडिओत उभारलं होतं. वरून येणारा आकाशाचा मवाळ उजेड हवा म्हणून सिनेमॅटोग्राफर सुब्रत मित्र यांनी सेटच्या माथ्यावर पांढरं कापड ताणलं आणि खालून दिवे त्यावर मारले. पुढे जगभर रूढ झालेली ही पद्धत गरजेतून आली होती. छताला साणं, म्हणजे उजेडासाठीचं भोक, असेल तर त्यातून पडणारा कवडसा कुठल्या वेळी कुठे असतो ते रेकीच्या दिवशीच लिहून ठेवा.

गावातल्या विजेचा विचार आधी करा. आपली वीज ५० हर्ट्झची. सेकंदाला २४ फ्रेम घेताना १८० अंशांचं शटर, म्हणजे प्रत्येक फ्रेमला १/४८ सेकंद उजेड, ठेवलं तर ट्यूबलाइट आणि स्वस्त एलईडी पडद्यावर लुकलुकतात. शटर १७२.८ अंशांवर, म्हणजे १/५० सेकंदावर ठेवा. दुकानातला किंवा देवळातला प्रत्येक दिवा मॉनिटरवर आधी तपासा. व्होल्टेज बसलं की काही एलईडी तरीही लुकलुकतात, म्हणून आपले बॅटरीवरचे दोन दिवे जवळ हवेत.

आणि माणसांची कातडी. आपल्याकडचे लोक सावळे, उन्हात रापलेले. चेहरा उजळ दिसावा म्हणून सगळ्या शॉटचा उजेड वाढवला की आकाश पांढरंफटक पडतं आणि चेहऱ्यावर राखेचा थर बसल्यासारखा दिसतो. सावळा चेहरा मध्यम करड्याच्या, म्हणजे काळ्या-पांढऱ्याच्या मधल्या छटेच्या, थोडा खालीच राहू द्या. त्याला आकार देते ती कातडीवरची चमक, म्हणून बाजूनं मोठा मऊ उजेड द्या, म्हणजे गालफडावर त्याची झळाळी दिसेल. माझी इथे ठाम भूमिका आहे: आपल्या माणसांना गोरं करून दाखवणं हे सिनेमॅटोग्राफरचं काम नाही. डीआयला कलरिस्टच्या (रंग जुळवणाऱ्या तंत्रज्ञाच्या) शेजारी बसण्याचा हट्ट मी मुख्यतः यासाठी धरतो.

सराव फुकट करता येतो. वेरूळची लेणी पश्चिमेकडे तोंड करून आहेत, सकाळी आत मंद उजेड असतो आणि दुपारनंतर ऊन आत शिरतं. फोन घेऊन एक अख्खा दिवस तिथे घालवा, एकाच मूर्तीचा फोटो दर तासाला काढा आणि घरी येऊन बघा की कुठल्या तासाला चेहऱ्यावरचा भाव बदलला. मोठा कॅमेरा किंवा ट्रायपॉड न्यायचा तर पुरातत्त्व खात्याची परवानगी लागते, फोनवर काम भागतं.

दिग्दर्शक कुठे भेटतात? स्वतंत्र चित्रपटात सिनेमॅटोग्राफरला बोलावतो तो दिग्दर्शक, आणि तो बोलावतो आधीपासून ओळखीच्या माणसाला. मराठवाड्यातले उद्याचे दिग्दर्शक आज एकांकिका करतायत. नांदेड विद्यापीठाचा युवक महोत्सव, संभाजीनगरच्या विद्यापीठातला नाट्यशास्त्र विभाग, राज्य नाट्य स्पर्धेची केंद्रं, इथे जा. नुसते बघू नका, एखाद्या संघाची प्रकाशयोजना करा. चार स्पॉट आणि एक डिमर एवढ्यावर रात्र, पहाट, दवाखाना उभा करायचा असतो, आणि प्रेक्षक समोर असल्यामुळे जमलं नाही ते लगेच कळतं. संभाजीनगरला अजिंठा-वेरूळ आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव होतो, तिथे चित्रपटानंतरच्या गप्पांना थांबा. गोव्यात इफ्फीच्या, म्हणजे भारताच्या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवाच्या, वेळी फिल्म बाजार हा निर्माते-दिग्दर्शकांचा मेळा भरतो, पण तिथे हातात एक तरी पुरी झालेली चांगली शॉर्टफिल्म असेल तेव्हाच जा.

इथवरचं थोडक्यात: कर्ज नको, असिस्टंटगिरी हवी, घर परभणीत राहू द्या, आणि आपल्या भागातला उजेड, पिकं आणि माणसं यांचा असा अभ्यास करा की इथे शूट करणाऱ्या कोणालाही आधी तुम्हालाच विचारावंसं वाटेल.

आता वडिलांचा प्रश्न. फक्त स्वतंत्र चित्रपटांवर पोट भरत नाही. वर्षाला एखादा चित्रपट मिळाला तरी वर्ष चांगलं म्हणायचं. जोडकाम लागतंच, आणि ते मराठवाड्यात आहे: वाळूज-शेंद्र्यातल्या कारखान्यांच्या फिल्म, जालन्याच्या बियाणे कंपन्यांचे शेतावरचे व्हिडिओ, लातूरच्या क्लासेसच्या जाहिराती, पाणलोटाचं काम करणाऱ्या संस्थांचे माहितीपट. शेवटचं मला सगळ्यात आवडतं, कारण त्यात गावं फिरून होतात आणि पुढच्या चित्रपटाची रेकी आपोआप होते. लग्नंही सोडू नका, फक्त हंगाम वाटून घ्या. तुळशीच्या लग्नानंतरचे मुहूर्त आणि एप्रिल-मेची गर्दी घ्या. पौषात लग्नं तशीही फारशी नसतात, आणि तेव्हाच आपल्याकडे उजेड सगळ्यात चांगला असतो. तो महिना दरवर्षी चित्रपटासाठी मोकळा ठेवा.

मानधनाबद्दल एक कायदेशीर गोष्ट सिनेमॅटोग्राफरला माहीत हवी. कॉपीराइट कायदा, १९५७ नुसार चित्रपटाचा कर्ता निर्माता मानला जातो. चित्रपट नंतर कुठे विकला गेला तरी सिनेमॅटोग्राफरला त्यातला वाटा आपोआप मिळत नाही. जे मिळायचं ते करारात हवं. मी एका पानाचा का होईना करार करतो. त्यात शूटचे दिवस आणि वाढीव दिवसाचा दर, पैशांचे टप्पे, श्रेयनामावलीतलं नाव, डीआयला हजर राहण्याचा हक्क आणि शो-रीलसाठी (आपल्या कामाच्या नमुन्यांच्या व्हिडिओसाठी) काही दृश्यं वापरायची परवानगी एवढं असतंच. पहिला हप्ता शूटच्या आधी, शेवटचा डीआय सुरू होण्यापूर्वी.

कमी पैशात किंवा फुकट काम करावं का, हे त्या युनिटकडे बघून ठरवा. कोणालाच पैसे मिळत नसतील, संहिता चांगली असेल आणि दिग्दर्शकाबरोबर पुढे काम करायची इच्छा असेल तर करा. कलाकारांना आणि भाड्याच्या सामानाला पूर्ण पैसे आणि तुम्हाला ‘प्रदर्शनानंतर बघू’ असं असेल तर नम्रपणे नकार द्या. असिस्टंट आणि लाइटमन यांचे पैसे मात्र कुठल्याही परिस्थितीत बुडता कामा नयेत. ते तुमच्या शब्दावर आलेले असतात.

किती वर्षं थांबायचं? तीन हिवाळे द्या. पुरस्कार किंवा व्ह्यूज मोजू नका. ज्या दिग्दर्शकाबरोबर एकदा काम केलं त्यानं दुसऱ्यांदा स्वतःहून फोन केला का, एवढं बघा. असे दोन फोन आले असतील तर वडिलांना सांगा की काम रुळावर आहे. नसतील तर जोडकाम मुख्य करा आणि वर्षाला एक शॉर्टफिल्म करत राहा. त्यातूनही लोक चित्रपटाकडे वळलेले मी पाहिले आहेत.

मित्राची तिसरी शॉर्टफिल्म शेतातल्या घरात घडते असं तुम्ही लिहिलंय. त्या घराचं दार कुठल्या दिशेला आहे, छत माळवदाचं की पत्र्याचं, आणि बाजूच्या रानात सध्या काय उभं आहे एवढं कळवा. कुठल्या महिन्यात आणि दिवसाच्या कुठल्या वेळी कोणता प्रसंग घ्यावा, हे त्यावरून नेमकं सांगता येईल.